सोडलं तर परत मिळतं : कुत्र्याला खेळातली शिस्त लावताना

संध्याकाळी घरची मंडळी परतली की घरातल्या कुत्र्याचा खरा दिवस सुरू होतो. तोंडात बॉल धरून तो दारापाशी येतो, अंगावर उड्या मारतो, ओढणी खेचतो, मनगट दातांत पकडतो. कुणी बॉल फेकतं, कुणी ओरडतं, कुणी हसतं. दहा मिनिटांनी बॉल सोफ्याखाली गेलेला असतो, मुलाच्या हातावर ओरखडा उठलेला असतो आणि सगळ्यांचं एकमत झालेलं असतं की हा फार मस्तीखोर झालाय.

पण खेळ कधी सुरू होतो, कधी थांबतो, दात कुठे चालतात आणि कुठे चालत नाहीत, हे त्याला कुणी सांगितलेलंच नसतं. एकाच गोष्टीसाठी बाबा टाळ्या वाजवतात आणि आजी रागावते, मग त्याने समजायचं तरी काय? खेळातली शिस्त खेळातूनच शिकवता येते, कारण कुत्र्यासाठी खेळ हे खाऊच्या तोडीचं बक्षीस असतं. नीट वागलं की खेळ पुढे चालतो, धसमुसळेपणा केला की थांबतो, एवढं त्याला कळलं की निम्मं काम झालं. उरलेलं निम्मं काम विश्वासाचं आहे. तोंडातली वस्तू माणसाला दिली तरी ती कायमची जात नाही, याची त्याला खात्री पटली पाहिजे.

आधी आपला गडी ओळखा

सगळे कुत्रे सारखे खेळत नाहीत. लॅब्राडोर आणि गोल्डन रिट्रीव्हर या जाती शिकार तोंडात धरून मालकाकडे आणून देण्यासाठी घडवल्या गेल्या, त्यामुळे वस्तू तोंडात घेऊन फिरणं त्यांच्या रक्तात आहे. टेरियर जातींना वस्तू पकडून झटकायला आवडतं. आपल्याकडचे कारवान आणि मुधोळ हे नजरेने सावज टिपून धावणारे कुत्रे. पळणाऱ्या वस्तूमागे ते वाऱ्यासारखे सुटतात, पण ती परत आणून देण्यात त्यांना फारसा रस नसतो. गावठी कुत्रे बहुधा चौकस असतात, लपवलेली वस्तू शोधण्यात त्यांचं डोकं छान रमतं. तुमच्या कुत्र्याला बॉल आणायचा नसेल तर तो हट्टी आहे असं समजू नका, त्याला दुसरा खेळ द्या.

वयही बघा. पिल्लाचे दुधाचे दात २८ असतात. साधारण चौथ्या महिन्यापासून ते पडू लागतात आणि सहाव्या-सातव्या महिन्यापर्यंत ४२ पक्के दात येतात. या काळात हिरड्या शिवशिवतात आणि पिल्लू समोर येईल ते चावतं. चावू नको म्हणून ते थांबणार नाही. त्याला चावण्याजोगं काहीतरी द्यावंच लागतं. जाडसर कापडाला गाठी मारून, ओलं करून, फ्रीजमध्ये गार केलेलं खेळणं तुम्ही समोर बसून चावू दिलंत तर हिरड्यांना बराच आराम पडतो.

चावा किती जोरात घ्यायचा हे पिल्लू आधी भावंडांकडून शिकतं. जोरात चावलं की भावंड केकाटतं आणि खेळ सोडून जातं. महिन्या-सव्वा महिन्याचं असताना आईपासून तोडून आणलेल्या पिल्लाचा हा धडा अर्धवट राहतो आणि मग तो आपल्याला शिकवावा लागतो. म्हणून पिल्लू निदान आठ आठवड्यांचं झाल्यावरच घरी आणावं.

खेळण्यांची निवड आणि टोपली

बॉल जबड्यात मागपर्यंत जाणार नाही एवढा मोठा असावा, लहान बॉल घशात अडकून जीव जाऊ शकतो. टेनिसचा बॉल फेकण्यापुरता ठीक आहे, पण तासन्‌तास चावायला देऊ नये. त्याच्या लवेत धूळ-रेती अडकते आणि दात झिजतात. दोरीच्या खेळण्याचे धागे सुटू लागले की ते टाकून द्या, कारण गिळलेला धागा आतड्यात अडकला तर शस्त्रक्रियेची वेळ येते. शिट्टीचा आवाज करणारी मऊ खेळणी फाडून आतली शिट्टी गिळणारे कुत्रे कमी नाहीत. तशी खेळणी आपण समोर असतानाच द्यावीत. चावायचं खेळणं किती कडक असावं, याची सोपी परीक्षा म्हणजे नखाने दाबून बघणं. अजिबात खूण उमटत नसेल तर त्याने दाताचा टवका उडू शकतो. शिजवलेली हाडं तर देऊच नयेत, त्यांचे टोकदार तुकडे पडतात.

आणि जुनी चप्पल कधीही खेळायला देऊ नका. जुनी कोल्हापुरी आणि परवाच घेतलेले बूट यांतला फरक त्याला कळत नाही. दोन्हींना चामड्याचा आणि तुमच्या पायाचा वास येतो. फाटक्या मोज्यांचंही तेच.

खेळण्यांचे दोन भाग करा. चावायची एक-दोन खेळणी त्याच्या अंथरुणापाशी कायम राहू द्या, ती त्याची. ओढायची दोरी, फेकायचा बॉल, आवाज करणारं खेळणं ही मात्र टोपलीत, त्याचं तोंड पोहोचणार नाही अशा जागी ठेवा आणि खेळायच्या वेळीच काढा. त्यामुळे खेळ तुम्ही सुरू करता आणि तुम्हीच संपवता, हे त्याला न सांगता कळतं. दुसरा फायदा असा की रोज समोर पडलेल्या वस्तूचा कुत्र्याला कंटाळा येतो, तीच आठवड्याने बाहेर निघाली की नवी वाटते.

‘सोड’ : सगळ्या शिस्तीचा पाया

घरात शब्द एकच ठरवा. ‘सोड’ म्हणा किंवा ‘ड्रॉप’, पण सगळ्यांनी तोच वापरा.

घरात शांतता असेल अशी वेळ निवडा. त्याच्यावर वाकून उभे राहू नका, समोर फरशीवर बसा. खिशात उकडलेल्या चिकनचे वाटाण्याएवढे तुकडे ठेवा. शाकाहारी घरात पनीर चालतं. खेळणं त्याचं सर्वांत लाडकं नको, मधल्या आवडीचं घ्या. ‘घे’ म्हणून ते पुढे करा. त्याने धरलं की दोन-चार झटके खेळू द्या आणि मग तुमचा हात गुडघ्याला टेकवून अगदी निश्चल करा. ओढू नका, पण सोडूही नका. हातातला जीव गेला की ओढण्यातली मजा जाते.

आता दुसऱ्या हाताने चिकनचा तुकडा त्याच्या नाकापाशी न्या. नाकपुड्या हलतील, नजर खेळण्यावरून तुकड्याकडे वळेल, जबडा सैल पडेल. जबडा सैल पडण्याच्या त्याच क्षणी ‘सोड’ म्हणा आणि तुकडा द्या. तो खाईपर्यंत खेळणं तुमच्या हातात आलेलं असेल. मग लगेच ‘घे’ म्हणून ते त्याला परत द्या.

हे परत देणं बहुतेक जण विसरतात. ‘सोड’ म्हटलं आणि वस्तू कपाटात गेली, असं चार वेळा झालं की कुत्रा पाचव्यांदा वस्तू घेऊन पलंगाखाली जातो. खाऊही मिळाला आणि खेळणंही परत आलं, असा अनुभव आला की मात्र सोडण्यात त्याला फायदाच दिसतो. एका बैठकीत पाच-सहा वेळा केलंत की पुरे. दोन-तीन दिवसांनी आधी शब्द म्हणा, क्षणभर थांबा आणि मगच तुकडा दाखवा. जमू लागलं की तुकडा दाखवणं बंद करा. त्याने सोडल्यावर कधी खाऊ द्या, कधी नुसतं खेळणं परत द्या. त्यानंतर लाडकं खेळणं घ्या, मग गॅलरीत जा, मग सोसायटीच्या बागेत. नवीन जागी गाडी अडली तर एक पायरी मागे या.

जबडा उचकटू नका, नाकावर मारू नका आणि एका दमात दहा वेळा ‘सोड’ म्हणू नका. दहाव्या वेळेपर्यंत तो शब्द त्याच्यासाठी पंख्याच्या आवाजासारखा होतो. मोजा पळवला तर त्याच्यामागे धावू नका, कारण पाठलाग हा त्याचा आवडता खेळ आहे. उलट दिशेने स्वयंपाकघरात जा, खाऊचा डबा वाजवा, तो आला की अदलाबदल करा. असा खाऊ मिळवायला तो मुद्दाम वस्तू पळवेल, अशी भीती वाटत असेल तर मोजे खाली पडू देऊ नका आणि त्याच्या स्वतःच्या खेळण्यांची अदलाबदल दिवसातून एक-दोनदा आपणहून करत राहा.

ओढाओढी : बंद नको, नियम हवेत

दोरी ओढायचा खेळ खेळलात तर कुत्रा डोक्यावर बसेल, असं अजूनही सांगितलं जातं. निकोला रूनी आणि जॉन ब्रॅडशॉ या इंग्लंडमधल्या संशोधकांनी गोल्डन रिट्रीव्हर कुत्र्यांबरोबर हा खेळ खेळून पाहिला. काही वेळा कुत्र्याला जिंकू दिलं, काही वेळा माणूस जिंकला. २००२ साली त्यांनी निष्कर्ष मांडले. जिंकल्यामुळे कुत्रे वरचढ झाले नव्हते. उलट, हार-जीत काहीही झाली तरी खेळानंतर त्यांचं माणसाकडे अधिक लक्ष होतं. फक्त जे आधीच फार खेळकर होते, ते जिंकल्यावर आणखी खेळासाठी जास्त मागे लागत. म्हणजे बुजऱ्या कुत्र्याला मोकळेपणाने जिंकू द्यावं आणि दांडगटाच्या बाबतीत हात थोडा आखडता घ्यावा.

नियम मात्र पक्के ठेवा. खोखोत बसलेला गडी ‘खो’ मिळाल्याशिवाय उठत नाही, तसं ‘घे’ म्हटल्याशिवाय दोरीला तोंड लावायचं नाही. त्याने झडप घातली तर दोरी पाठीमागे न्या आणि तो खाली बसेपर्यंत थांबा. बसला की लगेच ‘घे’. मधूनमधून ‘सोड’ म्हणा, त्याने सोडलं की पुन्हा ‘घे’. दात कातडीला लागले की, चुकून का होईना, खेळ अर्धा मिनिट बंद. ओढताना दोरी त्याच्या डोक्याच्या उंचीवर ठेवा आणि हलकेच डावी-उजवीकडे हलवा. दोरीला लटकवून उचलणं किंवा वर-खाली हिसके देणं मानेला आणि पाठीला घातक आहे. दात बदलणाऱ्या पिल्लाबरोबर तर ओढणं नावापुरतंच ठेवा. खेळताना थोडं गुरगुरणं चालतं. अंग सैल आहे, तो कमान टाकून, म्हणजे पुढचे पाय पसरून मागचा भाग वर करून बोलावतो आहे, शेपूट मोकळी हलते आहे, तर ती मस्तीतली गुरगुर आहे.

फेक आणि आण

बॉल घेऊन पळणारा कुत्रा बहुतेक घरांत असतो. त्याच्यासाठी अगदी सारखे दोन बॉल घ्या. पहिला फेका. तो परत फिरला की दुसरा बॉल हातात नाचवा आणि चार पावलं उलट्या दिशेने पळा. तो तुमच्याकडे धावेल, दुसऱ्याच्या ओढीने पहिला टाकेल. टाकतानाच ‘सोड’ म्हणा आणि दुसरा फेका. जागा लांबट आणि अरुंद असेल, जसं घरातला पॅसेज, तर पळून जायला वाट राहत नाही आणि तो आपसूक तुमच्याकडे येतो.

फेकण्याआधी ‘बस’ हवं. चारही पाय जमिनीवर आणि बूड टेकलेलं असेल तरच हातातून बॉल सुटेल. भुंकून मागितला तर हात खाली. पहिले काही दिवस भुंकणं वाढेल, कारण आजवर ते चाललेलं असतं. त्या दिवसांत ढिले पडलात तर जास्त भुंकलं की मिळतं, हा उलटा धडा त्याला मिळेल.

लेझरचा ठिपका भिंतीवर नाचवून कुत्र्याला पळवू नका. तो कधीच तोंडात सापडत नाही. काही कुत्रे मग दिवसभर सावल्या आणि कवडसे शोधत राहतात आणि ही सवय मोडणं फार अवघड जातं.

दात लागला तर

पिल्लाचा दात हाताला लागला की हात झटकू नका, हलणारा हात पकडावासाच वाटतो. हात सैल सोडा, शांतपणे उठा, वाटल्यास दाराआड जा आणि अर्ध्या मिनिटाने परत या. परत आल्यावर हातात खेळणं असू द्या, म्हणजे काय चावायचं हे त्याला दिसेल. तोंड दाबून धरणं किंवा चापट मारणं यातून तो हाताला घाबरायला शिकतो आणि घाबरलेला कुत्रा खेळकर कुत्र्यापेक्षा जोरात चावतो. घरातल्या एकाने जरी हातांशी मस्ती करू दिली तरी सगळ्यांची मेहनत वाया जाते.

खेळताना का होईना, दाताने कातडी खरचटली किंवा रक्त आलं तर जखम वाहत्या पाण्याखाली साबणाने १५ मिनिटं धुवा आणि डॉक्टरांना दाखवा. हळद-चुना लावत बसू नका. रेबीजच्या बाबतीत ‘घरचाच तर आहे’ म्हणून अंदाज बांधायचा नसतो, लस घ्यायची की नाही हे डॉक्टर ठरवतील. पिल्लाला तीन महिन्यांच्या सुमारास रेबीजची पहिली लस आणि पुढे पशुवैद्यक सांगतील त्याप्रमाणे डोस, यात चालढकल नको.

खेळणं राखणारा कुत्रा

मस्ती संपून राखण सुरू झाली की अंग बदलतं. चघळणं एकदम थांबतं. मान खेळण्यावर झुकते, शरीर ताठ होतं, डोकं न वळवता तो तिरक्या नजरेने बघतो आणि डोळ्याच्या कडेचा पांढरा भाग दिसू लागतो. ओठ आवळलेले असतात. पुढची पायरी गुरगुर, त्यापुढची चावा. इथे मागे सरा. गुरगुरल्याबद्दल शिक्षा करू नका. तो तोंडाने सांगतो आहे तोवर बरं आहे, मार खाऊन सांगणं बंद झालं तर तो न सांगता चावेल.

मग लांबून सुरुवात करा. तो खेळणं चघळत असताना, तो निवांत राहील एवढ्या अंतरावरून जाता जाता चिकनचा तुकडा त्याच्याकडे टाका आणि पुढे निघून जा. खेळणं मागू नका. काही दिवसांनी तुमच्या चाहुलीने तो मान वर करून आशेने बघू लागेल, तेव्हा एक पाऊल जवळून जा. झडप घालण्यापर्यंत किंवा चाव्यापर्यंत गोष्ट गेली असेल तर घरी प्रयोग करू नका. आधी पशुवैद्यकांकडून दात, कान, सांधे दुखत नाहीत ना हे तपासून घ्या, मग मार आणि काटेरी पट्टा न वापरणारा प्रशिक्षक गाठा.

मुलं, ऊन आणि फरशी

लहान मुलं आणि कुत्रा खेळत असतील तर तिथे एक मोठं माणूस हवंच, आणि तेही मोबाइलमध्ये डोकं न घालता. मुलांना दोन गोष्टी शिकवा. कुत्र्याच्या तोंडातली किंवा त्याच्या अंथरुणावरची वस्तू आपण घ्यायची नाही, मोठ्यांना बोलवायचं. आणि तो अंगावर उड्या मारू लागला की पळायचं नाही, किंचाळायचं नाही, हाताची घडी घालून झाडासारखं उभं राहायचं. मुलांनी ओढाओढीऐवजी खेळणं लपवून ‘शोध’ म्हणण्याचा खेळ खेळावा. त्यात हात आणि दात जवळ येत नाहीत. दोन कुत्रे असतील तर ‘सोड’ दोघांना वेगवेगळं शिकवा, आणि जास्त जिवाचं खेळणं दोघे एकत्र असताना बाहेर काढू नका.

कुत्रा मुख्यतः धापा टाकून अंग थंड ठेवतो. एप्रिल-मेमध्ये नागपूर-जळगावकडे तर सोडाच, पुण्यातसुद्धा दुपारी मैदानात बॉल खेळवणं जिवावर बेतू शकतं. पगसारख्या चपट्या नाकाच्या कुत्र्यांना हा धोका सगळ्यात जास्त. सकाळी लवकर किंवा ऊन उतरल्यावर खेळा. पावसाळ्यात घरातच खेळायचं असेल तर गुळगुळीत फरशीवर सतरंजी किंवा रबरी मॅट टाका. घसरत धावल्याने सांधे दुखावतात, मोठ्या जातीच्या पिल्लांचे तर विशेष.

खेळ कसा संपवावा

खेळ रंगात असताना संपवा, दमून चिडेपर्यंत ताणू नका. पाच ते दहा मिनिटांचे दोन-तीन डाव एका लांबलचक धिंगाण्यापेक्षा बरे. धाप वाढली, ‘बस’ ऐकू येईनासं झालं, दात कपड्यांकडे वळले, की वेळ झाली असं समजा. शेवटचं ‘सोड’ म्हणा, ‘बास’ म्हणा, खेळणं टोपलीत ठेवा आणि त्याच्या जेवणातलेच मूठभर दाणे सतरंजीवर विखरून द्या. नाकाने हुंगत एकेक दाणा वेचताना त्याचं मन शांत होतं, आणि खेळ संपला तरी आपल्या पदरात काहीतरी पडलं, असं त्याला वाटतं.

रोज ही दहा मिनिटं द्या, कारण याचा उपयोग खेळापुरता नाही. एक दिवस त्याच्या तोंडात बॉल नसेल. कचराकुंडीपाशी सापडलेलं कोंबडीचं हाड असेल, आजोबांच्या रक्तदाबाच्या गोळ्यांची पट्टी असेल किंवा उंदरांसाठी ठेवलेल्या विषाची वडी असेल. तेव्हा जबडा उचकटायला वेळ नसतो आणि तो पळत सुटला तर हाती लागत नाही. त्या वेळी उपयोगी पडतो तो हाच शब्द, जो म्हटल्यावर आजवर प्रत्येक वेळी त्याचं भलंच झालं आहे. तो शब्द इतका पक्का व्हायला हवा असेल, तर आज संध्याकाळी दोरी काढा, फरशीवर बसा आणि पहिल्यांदा ‘सोड’ म्हटल्यावर ती त्याला परत द्यायला विसरू नका.